पहिलं ‘नको’

“पानी इंदुमती?”

तो ताडमाड पोरगा माझ्यासमोर कमरेत वाकून विचारत होता. मला वाटलं, पाणी हवंय का म्हणतोय. आता घरून निघताना मी पेलाभर पाणी पिऊनच निघाले होते. मी हसून हात हलवला.

“नको.”

“नो?”

“नो, नो. थँक यू.”

त्याने समजुतीने मान डोलावली आणि हातातलं खसखस लावलेलं पावाचं कडं माझ्या मागच्या इंग्रज बाईच्या हातात ठेवून दिलं. चांगलं बशीएवढं होतं, पिळा घातलेलं, भट्टीतून नुकतंच आलेलं. त्याचा वास नाकात शिरला आणि माझ्या तोंडाला पाणी सुटलं, पण तोवर तो पोरगा पुढच्या माणसापर्यंत पोचला होता.

सोमू हसायला लागला. “आई, पानी म्हणजे बाई. इकडे बायकांना मानाने हाक मारताना पानी म्हणतात. तो तुला खायला देत होता.”

“मग इंदुताई म्हणायला काय झालं होतं त्याला?”

“पोलंडमध्ये?”

“का? तू नाही का इथे आलास? मग ताईला काय अडचण?”

आगाला आमचं बोलणं निम्मंशिम्मंच कळलं असावं. तिने काही न विचारता आपल्या हातातलं कडं मोडलं आणि मोठा तुकडा माझ्या हातात कोंबला. बाहेरून खमंग, आतून लुसलुशीत. मी रस्त्यात उभी राहून, चारचौघांत, हावऱ्यासारखं खाल्लं. कराडात कुणी पाहिलं असतं तर महिनाभर चघळायला विषय झाला असता.

ही गोष्ट क्राकूवची. माझा मुलगा सौमित्र, आमचा सोमू, तिथे एका मोठ्या कंपनीत नोकरीला होता आणि आगा त्याची बायको. तिचं खरं नाव आग्न्येश्का, पण सगळे आगाच म्हणायचे. मला तर ते फारच सोयीचं पडलं. आपण एरवीही बाईमाणसाला ‘अगं’ म्हणूनच हाक मारतो. मी स्वयंपाकघरातून “अगं!” म्हटलं की ती “आयी?” करत हजर. सुनेला नावाने हाक मारायची की नाही, हा प्रश्न पोलंडने परस्पर सोडवून टाकला होता.

आमचे हे जाऊन तेव्हा वर्ष होत आलं होतं. सोमूने तिकीट पाठवलं, “थोडे दिवस ये, जागाबदल होईल” म्हणाला, आणि मी गेले. कराडात सगळ्यांना सांगितलं की सुनेचा संसार बघायला चाललेय, हवापालट करून येते. कुणाला बोलले नाही ते एवढंच, की देवघरातला रांगता बाळकृष्ण मी खणात गुंडाळून बरोबर घेतला होता. हवापालटाला जाताना कुणी घरचा देव नेत नाही. कुंड्या शेजारच्या सरनाईक वहिनींना देऊन टाकल्या, लोणच्याच्या बरण्याही. “परत आल्यावर घेऊन जा हो,” त्या म्हणाल्या. मी “बघू” म्हटलं. रिकाम्या घरात दोन माणसांचा कुकर लावायची सवय हाताला, आणि जेवणारी मी एकटी. पोराने ‘राहा’ म्हणावं, एवढीच माझी आस होती. दुसरं काहीसुद्धा मागणं नव्हतं.

पण ते त्याने म्हणायला हवं होतं. आपण होऊन कसं म्हणणार?

असे दिवस सरत चालले. व्हिसा संपायला आठवडा उरला आणि सोमूने सुट्टी काढून हा फेरफटका ठरवला. शहरातून पायी हिंडायचं, ठिकठिकाणी थांबून तिथलं जुनं खाणंपिणं चाखायचं, आणि बरोबर एक वाटाड्या, तोच ताडमाड पोरगा, टोमेक. त्याने पिवळी छत्री उंच धरलेली आणि आम्ही आठ-दहा जणं त्या छत्रीच्या मागे. इंग्रजी बोलायचा, पण आपल्याला समजेल इतपत सावकाश. माझ्यासाठी शाकाहारी काय काय मिळेल ते सोमूने त्याला आधीच सांगून ठेवलं होतं.

दुसरा मुक्काम एका खानावळीत. त्या खानावळीला म्हणे ‘दुधाचा बार’ म्हणतात. मी आधी दचकले, पण आत फक्त साधी टेबलं होती आणि सूप भुरकणारे म्हातारे-म्हाताऱ्या. टोमेकने आमच्यापुढे पिएरोगी मांडल्या. बघते तर काय, उकडलेल्या करंज्या! आत बटाटा आणि पनीरसारखं चीज, वरून तुपात परतल्यासारखा लालसर कांदा. कडा तर अशा मुरडलेल्या की माझ्या सासूबाईंनी शाबासकी दिली असती. दोन खाल्ल्या. जीव सुखावला.

टोमेक परात घेऊन फिरत माझ्यापाशी आला. “मोअर?”

मी ताटलीवर हात आडवा धरला. “नको, नको. पुरे.”

आता, ताटावर हात धरायचीही आपल्याकडे एक तऱ्हा असते. बोटं जुळवून धरली तर खरोखरच नको. बोटं फाकवून धरली तर वाढणाऱ्याने काय समजायचं ते समजायचं. आमचे हे तर पंक्तीत वाढण्यासाठी तालुक्यात नावाजलेले. कुणाचंही ‘नको’ ते पहिल्यांदा ऐकूनच घ्यायचे नाहीत. फाकलेल्या बोटांतून जिलबी सोडायचे आणि वर म्हणायचे, “तुम्ही नको म्हणालात, जिलबीने ऐकलं नाही.” माझी बोटं त्या दिवशी चांगली ऐसपैस फाकलेली होती.

टोमेकने परात उचलली आणि गेला.

माझा चेहरा पडला असावा, कारण सोमू खुर्ची सरकवून जवळ आला. “आई, अजून हव्या होत्या का?”

“छे रे.”

“हव्या होत्या.” तो हसत होता, पण थोडा वैतागलेलाही होता. “अगं, इथे एकदाच विचारतात. हवं असेल तर हो म्हणायचं, नको असेल तर नको म्हणायचं. विषय संपला. पुन्हा पुन्हा विचारणं म्हणजे समोरच्याला त्रास देणं, असं मानतात.”

“जेवायला वाढणं म्हणजे त्रास?”

“तसं नाही गं. तुझ्या शब्दाला मान द्यायचा, असं. मला आता हेच आवडतं. खरं सांगू? लहानपणी मला कळायचंच नाही. मावशी ‘नको’ म्हणायची, तू ‘घे गं’ म्हणायचीस, ती ‘नको’, तू ‘घे’. कुणाच्या मनात काय आहे, कसं ओळखायचं? इथे सरळ आहे सगळं. माणूस बोलतो तेच त्याच्या मनात असतं.”

“बरं बाबा,” मी म्हटलं.

मला लागलं, हे खरं. पण पोराच्या बोलण्यात खोट काढता येईना. त्याचा मुलूख आता हा होता आणि मी पाहुणी. आणि पाहुणी म्हणून राहायचं नसेल तर इथली रीत शिकून घेतलेली बरी, असंही मनात आलं. तेवढ्यात आगाने स्वतःच्या ताटलीतली एक पिएरोगी गुपचूप माझ्या ताटलीत सरकवली आणि खिडकीबाहेर बघत बसली.

तिसऱ्या ठिकाणी मग मी धीर केला. चौकात एका टपरीवर मेंढीच्या दुधाचं धुरावलेलं चीज तव्यावर भाजून देत होते, वर लाल आंबटगोड मुरंबा. टोमेक माझ्यापाशी आला.

“पानी इंदुमती?”

“येस,” मी म्हटलं. पहिल्या फटक्यात. “टू पीस.”

कानाच्या पाळ्या तापल्या माझ्या. आयुष्यात कधी परक्याच्या हातून असं मागून घेतलं नव्हतं. माहेरी असं केलं असतं तर आईने डोळ्यांनीच जाळलं असतं. पण टोमेकला काहीच वाटलं नाही, त्याने दोन तुकडे ठेवले, आणि सोमू तर टाळ्याच पिटायला लागला.

“जमलं की आई तुला! बघ किती सोपं आहे.”

त्याच्या तोंडावरचं कौतुक बघून मलाही हसू आलं. लहान असताना मी त्याला बुटाची नाडी बांधायला शिकवली होती, तेव्हा मीही अशीच टाळ्या पिटत होते. पुढच्या दोन ठिकाणी मी मुद्दाम त्याला खूश करायला ठसक्यात बोलले. बटाट्याची धिरडी? येस. आंबवलेला कोबी? नो. टोमेकने कोबी नेला आणि या वेळी मला खरोखरच नको होता. सोमू आगाला म्हणाला, “पाहिलंस? माझी आई माझ्याहून लवकर शिकली.”

शेवटचा मुक्काम एका तळघरात होता. विटांच्या कमानी, मंद दिवे आणि फळीवर रंगीबेरंगी बाटल्या. चेरीची, आलुबुखारची, मधाची, घरोघर मुरवत ठेवायची ती दारू. टोमेक बाकीच्यांना मोठ्या टेबलाशी घेऊन बसला आणि एकेका बाटलीची कथा सांगायला लागला. आम्ही तिघं कोपऱ्यातल्या लहान टेबलाशी. माझ्यापुढे सफरचंदाचं उकळून गार केलेलं गोड पाणी ठेवलं होतं. सोमूने चेरीची दारू घोटभर घेतली आणि त्याचे कान लाल झाले. त्याचे कान तसेही लगेच लाल होतात, रडू आलं तरी, खोटं बोलला तरी.

“आई, एक विचारायचंय.”

“विचार की.”

“घरी विचारणार होतो. पण घरी तू सारखी काही ना काही करत असतेस. विषय काढला की कणीक मळायला उठतेस.” त्याने पेला टेबलावर फिरवला. आगा त्याच्याकडे बघत होती. तिला ठाऊक होतं तो काय विचारणार आहे, हे मला स्वच्छ दिसलं. “तू इथेच राहतेस का? आमच्याजवळ. कायमची. कागदपत्रांची चौकशी केलीय मी, वेळ लागेल, पण होईल म्हणतात.”

आमचे हे गेल्यापासून मी या एका वाक्याची वाट बघत होते. कराडच्या ओट्याशी उभी राहून कितीदा तरी मनातल्या मनात मी ते त्याच्या आवाजात ऐकलं होतं. आणि त्याचं उत्तरही घोळवून ठेवलं होतं. पहिल्यांदा म्हणायचं, नको रे. म्हणजे सुनेलाही कळेल की ही म्हातारी आपल्या गळ्यात पडायला टपलेली नाही. तो पुन्हा म्हणेल. मग म्हणायचं, अरे, तुमच्या दोघांच्या संसारात माझी अडगळ कशाला? मग सून म्हणेल. मग थोडं गप्प बसायचं, डोळे पुसायचे, आणि म्हणायचं, बरं बाई, तुम्ही दोघं इतकं म्हणताय तर. यात लबाडी काही नव्हती. असंच असतं. एका हाकेला धावत येणारी सासू कुणाच्या घरात मानाने राहिलीय?

आणि चीज-धिरड्यांना ‘येस-नो’ म्हणणं वेगळं. तो दुकानचा हिशेब. पोटच्या पोराच्या घरी जन्माचं राहायला जाणं म्हणजे काय चीजचा तुकडा आहे? असं मला वाटलं. तेव्हा खरंच तसंच वाटलं.

“नको रे,” मी म्हटलं. “माझं काय आहे इथे? मला आपलं कराडच बरं.”

सोमू माझ्याकडे बघत राहिला. मी पुढच्या वाक्याला तयार बसले होते.

“बरं,” तो म्हणाला.

आगाला मराठीतले मोजके शब्द यायचे, पण त्यांत ‘नको’ पहिला होता. ती एकदम पुढे झुकली. “आयी, बट...”

सोमूने तिच्या मनगटावर हात ठेवला आणि इंग्रजीत म्हणाला, हळू, पण मला सगळं कळलं, “नाही आगा. तिने सांगितलंय. गळ घालू नकोस तिला. तिचा निर्णय आहे.”

आगाने त्याच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. किती तरी वेळ बघत होती. मी पेल्यातल्या सफरचंदाच्या फोडीकडे बघत बसले. विचार ना गं, मी मनात म्हणत होते. तू तरी विचार. तो पुरुष आहे, त्याला कळत नाही. तिचे ओठ हलले देखील. पण तिने नवऱ्याचा हात झटकला नाही, आणि मोठ्या टेबलाशी टोमेकने पेला उंच करून काहीतरी घोषणा केली, सगळे ओरडले, आणि आमच्या टेबलावरचं ते बोलणं तिथेच राहिलं.

बाहेर आल्यावर सोमूने माझा हात धरला, पायऱ्या उंच होत्या म्हणून. “दमलीस का?” म्हणाला.

“नाही रे.”

पुढचे दिवस मी कान टवकारून काढले. जेवताना तो “आई” म्हणाला की माझा घास थांबायचा. मीठ हवं असायचं. संध्याकाळी नदीकाठी फिरायला गेलो, तो बाकावर बसला, मला शेजारी बसवलं. मला वाटलं आता. तो म्हणाला, “कराडला पोचलीस की डॉक्टरांना गुडघा दाखव.” बॅग भरताना आगा दारात येऊन उभी राहिली, माझ्या घड्या घातलेल्या साड्यांवरून हात फिरवत. तिला काही बोलायचं होतं. मीही ताटकळले होते. आम्हा दोघींची भाषा एक असती तर, असं पुढे पुष्कळदा मनात आलं. पण खरं सांगायचं तर भाषा एक असलेला माझा मुलगाही घरातच होता.

विमानतळावर मी रांगेत शिरणार, तेवढ्यात त्याने मागून हाक मारली. “आई!”

मी अख्खीच्या अख्खी वळले. या वेळी मी आढेवेढे घेणार नव्हते. चारचौघांत, ढसाढसा रडत हो म्हणणार होते.

“पासपोर्ट वरच्या कप्प्यात ठेवलायस ना?”

“ठेवलाय,” मी म्हटलं.

कराडला आल्यावर सरनाईक वहिनींनी कुंड्या परत आणून दिल्या. “कसं वाटलं पोलंड?” सगळे विचारायचे. “छान आहे,” मी सांगायचे, “राहा म्हणत होता मुलगा, मीच नको म्हटलं.” बायका कौतुकाने मान हलवायच्या. स्वाभिमानी हो इंदुताई.

आणि मनातून मला वाटत राहिलं, की त्याने नावापुरतंच विचारलं. मनात असतं तर एकदा विचारून कुणी थांबतं का? एखादी जिलबी वाढतानाही माणूस दोनदा म्हणतो. बायकोपुढे, आईपुढे आपलं कर्तव्य उरकलं आणि सुटला बिचारा. या विचाराने मी किती दुपारी जाळल्या. पण त्यातही एक आधार होता, हे आता कळतं. मी त्याला नकोच होते, तर जे झालं ते बरंच झालं, असं म्हणून अंगावर पांघरूण ओढता यायचं.

मग एका रविवारी त्याचा फोन आला. तो दर रविवारी यायचाच, पण त्या दिवशी आवाजात उत्साह होता.

“आई, एक बातमी. आगाची आई आमच्याकडे राहायला आली. कायमची.”

आगाच्या आईला, बार्बाराबाईंना, मी लग्नात एकदाच भेटले होते. डोंगराकडच्या कुठल्याशा गावात त्या एकट्या असायच्या. नवरा फार पूर्वी गेलेला, आणि आगा एकुलती एक.

“अरे वा,” मी म्हटलं. “कशा आहेत?”

“आता मजेत आहे. पण काय तमाशे केले म्हणून सांगू तुला! आगाने विचारलं, येतेस का? तर ‘नको, मला इथे काही कमी नाही.’ मी म्हटलं, संपलं, सोडून दे. तर आगा म्हणाली, तू गप्प बस. पुन्हा विचारलं. पुन्हा नको. महिनाभर चालू होतं हे. तिसऱ्यांदा, चौथ्यांदा... शेवटी आगा गाडी घेऊन गेली, तिच्या स्वयंपाकघरात बसून राहिली, आणि मग ती म्हणाली, बरं, तू इतकं म्हणतेस तर. आणि आई, बॅग आधीच भरून ठेवलेली होती तिने! पलंगाखाली!”

तो पोट धरून हसत होता. मीही हसले असावे.

“आगा म्हणते, यांच्या खेड्यातल्या म्हाताऱ्या माणसांत असंच असतं. पहिलं नको कुणी खरं धरतच नाही. मला इतकी वर्षं राहून माहीत नव्हतं बघ.”

“हो का,” मी म्हटलं.

“ती मागची खोली दिली तिला. तुला आठवते ना, उन्हाची? अगं, हे घर घेताना तुझ्यासाठी म्हणूनच एक खोली जास्तीची घेतली होती. बाबा गेल्यावर लगेच. तू नको म्हणालीस, मग रिकामीच होती. मी तिच्यात कित्येक महिने जातच नव्हतो.” मग आवाज पुन्हा पहिल्यासारखा करून म्हणाला, “जाऊ दे. पण तुझं खरंच कौतुक वाटतं मला. आगाला मी तेव्हाच सांगितलं होतं, तू आग्रह करू नकोस, माझ्या आईच्या मनात एक आणि ओठांवर एक असं नसतं. तिने नको म्हटलं म्हणजे नको. तू एकदा सांगितलंस, आम्हाला समजलं. या बाईसारखा जीव नाही घेतलास आमचा.”

मी ओट्याला टेकले. खिडकीतून सरनाईक वहिनींचा नातू सायकल शिकताना दिसत होता.

“आई? आवाज येतोय ना?”

“येतोय रे.”

“मग बोल ना काहीतरी.”

“चांगलं केलंत,” मी म्हटलं. “एकट्या पडल्या होत्या हो बिचाऱ्या.”